वादातील बोळात कायम बसलेले गृहस्थ

तीर्थरूप मामांच्या चरणी भाच्याचा साष्टांग नमस्कार.

पत्रास कारण की, इकडील सर्व क्षेम कोर्टाच्या हुकमाने जैसे थे आहे. तिकडील क्षेम सविस्तर कळवावे. आपली भूक, झोप, चष्म्याचा नंबर आणि विशेषतः डाव्या पायाचा अंगठा कसा आहे? अंगठ्याची जखम अजून पुरती भरली नसेल, अशी मनापासून आशा आहे. (हे वाक्य चुकून लिहिलेलं नाही. पुढे वाचावे.) मामींना नमस्कार सांगावा आणि त्यांनी अंगठ्याला फार मलम लावू नये, असंही सांगावं.

जन्म टाइपरायटरवर काढलेल्या भाच्याने पत्र हाताने का लिहिलं, असं तुम्हाला वाटेल. टाइप केलेला कागद कुणीही वाचू शकतो, आणि या पत्रातला मजकूर कुणीही वाचावा असा नाही. माझं अक्षर तुम्हाला माहीतच आहे. कुत्र्याचे पाय मांजराला. शाळेत मास्तरांनी माझा पेपर उलटा धरून तपासला होता आणि तरी पास केलं होतं. तेव्हा हे पत्र वाटेत कुणाच्या हाती पडलं तरी घोर नाही. तुम्हाला एखादी ओळ लागलीच नाही तर जवळच्या औषधाच्या दुकानात दाखवावी. डॉक्टरांच्या चिठ्ठ्या वाचून त्या लोकांना असल्या अक्षराची सवय असते.

आता बोळाची हकिकत. तुम्ही बोळ पाहिला आहे, नव्हे, त्यात बसला आहात, पण दोन दिवसांच्या मुक्कामात तुम्हाला प्रकरणाचं फक्त शेपूट दिसलं. म्हणून वकिलांसारखं मुळापासून सांगतो. बोळाची लांबी एकतीस फूट, रुंदी पावणेचार फूट. डावीकडे माझी भिंत, उजवीकडे कंपाउंडरची. (त्याने चाळीस वर्षं एका डॉक्टरच्या हाताखाली औषधं बांधली, म्हणून कंपाउंडर. कंपाउंडर माणूस आज ना उद्या कंपाउंडावरून भांडणारच, हे मी घर घेतानाच ओळखायला हवं होतं.) बोळाच्या टोकाला माझी टायपिंगची खोली आणि तिच्या शेजारी त्याचा पाण्याचा नळ. मला पोटासाठी आणि त्याला पाण्यासाठी याच बोळातून जावं लागतं. दोघांची वहिवाट सव्वीस वर्षांची.

माझ्या खोलीच्या दारावरची पाटी तुम्ही वाचली असेल. ‘बिनचूक टंकलेखन. एक चूक दाखवा, पाटी उतरवतो.’ कोर्टात जाणारे निम्मे अर्ज माझ्या यंत्रातून जातात आणि सव्वीस वर्षांत पाटीचा खिळासुद्धा हललेला नाही. कंपाउंडरच्या स्वयंपाकघराची खिडकी नेमकी या पाटीसमोर उघडते, आणि ती त्याला पहिल्या दिवसापासून खुपते. रोज नळावर येताना तो आत डोकावतो, टेबलावरचा एखादा कागद उचलतो, वेलांट्या आणि रफार तपासतो आणि तोंड पाडून बादली घेऊन जातो. सव्वीस वर्षं हा नेम चुकलेला नाही. मामा, माझ्याकडे ना जमीन ना जुमला. ही पाटी हीच माझी अब्रू. उद्या घर गेलं तर भाड्याने राहीन, पण पाटी खाली आली तर या रस्त्यावरून तोंड वर करून चालता येणार नाही.

भांडणाला निमित्त झालं वजनकाट्याचं. कंपाउंडर निवृत्त झाला तेव्हा दवाखान्याने त्याला निरोपादाखल माणसं तोलायचा जुना काटा दिला. (शाल दिली असती तर हे काहीच झालं नसतं.) तो घरात मावेना, म्हणून त्याने बोळात ठेवला. एका बाजूला त्याचं पाण्याचं पिंप, मध्ये काटा, दुसऱ्या बाजूला माझी भिंत. काट्यावर पाय दिल्याशिवाय पुढे जाताच येईना. मी दिवसातून सहा वेळा जातो-येतो. सहा वेळा काटा खट्ट करायचा आणि सहा वेळा खिडकीतून आवाज यायचा, “टायपिस्ट, पाऊण किलो वाढलंय. भात कमी करा.” हे अशिलांच्या देखत. तुमच्या सुनेने, म्हणजे आमच्या हिने, एकदा मला दुसऱ्यांदा वाढायला नकार दिला आणि कारण म्हणून कालचा आकडा सांगितला. त्या दिवशी माझा संयम सुटला. मी एक घडीची खुर्ची आणली आणि त्याच्या खिडकीखाली अशी लावली की खिडकी उघडेना. मग त्याने दुसरं पिंप आणलं. मग मी वकील केला.

मी अर्ज दिला की शेजाऱ्याला बोळात काहीही ठेवण्यास मनाई व्हावी. दुसऱ्या दिवशी कंपाउंडर माझ्याच टेबलासमोर उभा. हातात त्याच्या वकिलाने लिहिलेला अर्ज, की मला बोळातलं काहीही हलवण्यास मनाई व्हावी. म्हणाला, दुसरीकडे टाइपला दिला तर चुका करतात. मी काय करणार? शत्रूचा अर्ज असला तरी व्याकरण काही शत्रूचं नसतं. त्याच्या वकिलाने ‘सबब’ चुकीच्या जागी घातला होता, तो उचलून योग्य जागी ठेवला. शेवटी जोर कमी पडत होता म्हणून ‘अर्जदाराचे कधीही भरून न येणारे नुकसान होईल’ ही ओळ पदरची घातली. त्याचा अर्ज त्याच दिवशी मंजूर झाला. माझा आठवड्याने झाला, कारण माझ्या वकिलाने मला तो सुधारू दिला नव्हता.

आता दोन मनाई हुकूम झाले. त्याने बोळात काही ठेवायचं नाही आणि मी बोळातलं काही उचलायचं नाही. चौथ्या दिवशी वाऱ्याने त्याच्या दोरीवरचा एक पायमोजा बोळात पडला. पायमोजा त्याने ‘ठेवला’ म्हणावं तर तो अडकतो, मी उचलला तर मी अडकतो. दोघांचे वकील येऊन पायमोजा बघून गेले. पायमोजा अकरा दिवस तिथेच पडून होता आणि आम्ही दोघं त्याला ओलांडून जात होतो. शेवटी पायमोज्याचंच प्रकरण न्यायाधीशांपुढे गेलं. त्यांनी चष्मा काढला, डोळे चोळले आणि दोघांनाही सांगितलं की मूळ दाव्याचा निकाल लागेपर्यंत बोळ जैसे थे ठेवा. आणि बोळात नेमकं काय काय ‘थे’ आहे ते लिहून आणायला त्यांनी एक कमिशनर नेमला.

कमिशनर म्हणजे नुकती सनद मिळालेला वकील. नवा गडी, नवं राज्य. टेप, वही, दोन रंगांची पेन्सिल. तो आला त्याच सकाळी तुम्ही बोळात होतात. आदल्या दिवशी डोळे तपासायला आलात आणि येता येताच काट्याला अंगठा ठेचून घेतलात. तुमच्या सुनेने पट्टी बांधून तुम्हाला उन्हाला त्या घडीच्या खुर्चीत बसवलं आणि सुजलेले पाय मिठाच्या कोमट पाण्याच्या घमेल्यात ठेवले. (पट्टी बांधलेला अंगठा काठावर, बाकी सगळं पाण्यात.) तोंडावर वर्तमानपत्र घेऊन तुम्ही घोरत होतात, म्हणून पुढचं तुम्हाला ठाऊक नाही. कमिशनरने काटा मोजला, पिंपं मोजली, पायमोजा मोजला. मग त्याने तुम्हाला मोजलं. जमिनीपासून टकलापर्यंत तीन फूट अकरा इंच. नाव विचारलं तर तुम्ही घोरण्यापलीकडे उत्तर दिलं नाही, म्हणून ‘एक वृद्ध गृहस्थ’ एवढंच लिहिलं. जागे झाल्यावर तुम्ही टॉवेल मागितलात, पण टॉवेल कंपाउंडरच्या दोरीवर वाळत होता आणि त्याची नोंद झालेली होती. तुम्ही पस्तीस मिनिटं ओले पाय घेऊन बसून राहिलात आणि संध्याकाळच्या गाडीने एक शब्द न बोलता गेलात. तो राग रास्त आहे. मी त्याबद्दल पदर पसरून माफी मागतो.

अहवाल अर्थातच तिथल्या तिथे टाइपला माझ्याकडे आला. पुढच्या तारखेला तो कोर्टात वाचला गेला. अनुक्रमांक नऊवर तुम्ही होतात: ‘घमेल्यात पाय घातलेले, तपकिरी स्वेटर परिधान केलेले व सदर बोळात कायम बसलेले वृद्ध गृहस्थ.’

मामा, त्या दिवशी कोर्टात जे झालं ते मी तीन दशकांत पाहिलं नव्हतं. माझा वकील उठला आणि म्हणाला की पक्षकाराचे वडीलधारे कायम बसतात, यावरूनच आमची वहिवाट सिद्ध होते. कंपाउंडरचा वकील म्हणाला, छे, हे तर अतिक्रमण आहे. मग तुम्ही जंगम की स्थावर यावर पाऊण तास वाद झाला. श्वास घेतात म्हणून जंगम, असं एक मत. ‘कायम’ म्हटलं आहे म्हणून स्थावर, असं दुसरं. शेवटी तुम्हाला निकालापुरतं स्थावर धरलं गेलं. (तुमची सून म्हणाली, मामा वेळेवर गेले ते बरं, नाहीतर त्यांच्यावर घरपट्टी बसली असती.) हुकूम असा झाला की अहवालातल्या सर्व वस्तू व व्यक्ती आहेत त्या जागी राहतील, आणि त्यांची जबाबदारी दोन्ही पक्षांवर सारखीच राहील.

आणि खुर्ची तर रिकामी. मी आधी स्वतः बसून पाहिलं, पण मी चोपन्न वर्षांचा, वृद्ध या सदरात बसत नाही. शिवाय मी खुर्चीत बसलो तर टाइप कोण करणार? कंपाउंडरने लगेच माझ्याविरुद्ध कोर्टाच्या अवमानाचा अर्ज तयार केला, की शेजाऱ्याने वृद्ध गृहस्थ पळवले. तो टाइपला माझ्याकडे आला. मी टाइप करता करता त्याला हुकमातली शेवटची ओळ दाखवली. जबाबदारी सारखीच, म्हणजे आत गेलो तर दोघं जाणार. त्याने ती ओळ दोनदा वाचली. मग म्हणाला, “मला बहात्तर पुरी झाली आहेत.” आणि जाऊन खुर्चीत बसला.

तेव्हापासून सकाळी नऊ ते साडेबारा कंपाउंडर ‘तुम्ही’ असतो. पहिल्या दिवशी त्याने घमेल्यात पाय घातले ते एखाद्याने तुरुंगात घालावेत तसे. पाणी कोमट असावं असं अहवालात आहे, पण कोमट म्हणजे किती, हे नाही. त्यावरून दोन दिवस वाद झाला, तिसऱ्या दिवशी त्याने घरून तापमापक आणला आणि प्रश्न सुटला. तुमची सून तासातासाने गरम पाणी घालते. अहवालात माझ्या खोलीचं दार ‘उघडे’ आहे, त्यामुळे ते बंद करता येत नाही, आणि खुर्ची दारापासून आठ फुटांवर. मी टाइप करतो आणि तो बसल्या बसल्या यंत्राचा आवाज ऐकतो. परवा म्हणाला की माझी उजवी करंगळी दमली आहे, ती मागे पडते. खरंच दुखत होती. त्याने घरून एक तेल आणून दिलं. बायको गेल्यापासून त्याच्या घरात त्याच्याशी बोलणारं कुणी नाही आणि तो खिडकीतून वजनं का ओरडायचा ते मला आता थोडं थोडं कळायला लागलं आहे. (तरी काटा तिथेच आहे. काल एकाहत्तर किलो तीनशे.)

असो. पत्र फार लांबलं. तुम्ही म्हणाल, याला एवढंच सांगायचं होतं का? एवढंच. तुमची आठवण येत होती, म्हणून लिहिलं. लोभ आहेच, तो जैसे थे ठेवावा.

आपला आज्ञाधारक भाचा

ता. क. येत्या सतरा तारखेला कमिशनर पुन्हा येणार आहे. या वेळी तो अहवाल हातात घेऊन एकेक नग ताडून पाहणार आहे. कंपाउंडर वृद्ध आहे, पण त्याच्या डोक्यावर अजून दाट केस आहेत आणि बसल्यावर तो चार फूट एक इंच भरतो. तेव्हा तुम्ही सोळा तारखेच्या गाडीने निघून यावं. सोबत तो तपकिरी स्वेटर आणावा. तिसरं बटण तुटलेलं आहे ते मामींना शिवू देऊ नये, अहवालात ते तुटलेलं आहे. अंगठा बरा झाला असेल तरी पट्टी बांधूनच यावं. किती दिवस राहावं लागेल ते आताच सांगता येत नाही. वकील म्हणतात आठ वर्षं, पण ते नेहमीच कमी सांगतात. जेवणाखाण्याची आबाळ होणार नाही. तुमच्या सुनेने घमेलं नवीन घेतलं आहे. (म्हणजे तसंच दिसणारं.)

दुसरी ता. क. तुम्ही मोठे आहात, तुमच्यापासून काय लपवायचं? मी हे पत्र हाताने का लिहिलं त्याचं खरं कारण आता सांगतो. कमिशनरच्या हस्तलिखितात ‘कायम बसलेले’ नव्हतंच. तो बिचारा शहाणा निघाला. त्याने लिहिलं होतं, ‘सदर बोळात कायम नसलेले वृद्ध गृहस्थ’, म्हणजे पाहुणे, दखल घेऊ नये. त्याचा न आणि ब सारखेच दिसतात, आणि तुम्ही समोर इतके पक्के बसला होतात की माझ्या बोटांनी ब मारला. कोर्टातून घरी आल्यावर हस्तलिखित काढून पाहिलं तेव्हा मी जेवलो नाही. एकतीस वर्षं मक्षिकेच्या जागी मक्षिका बसवणारा माणूस मी, आणि मामाच्या जागी मामाच कायमचा बसवला. दुरुस्तीला फार काही लागत नाही. एका ओळीचा अर्ज केला की तुम्ही सुटलात, कंपाउंडर सुटला. पण त्या अर्जात ‘टंकलेखनातील चुकीमुळे’ असं लिहावं लागेल, आणि तो टाइप मलाच करावा लागेल. मी तीनदा कागद चढवला. मामा, बोटं तिथे जात नाहीत. लाज वाटते, पण खरं ते लिहितो. पाटी उतरवण्यापेक्षा तुम्हाला आणणं मला सोपं वाटलं. कंपाउंडरला यातलं काही ठाऊक नाही आणि ते तसंच राहू द्या. त्याने सव्वीस वर्षं ज्याची वाट पाहिली ते त्याच्या नाकासमोर पडलं आहे आणि त्याला पत्ता नाही.

तिसरी ता. क. पाकीट चिकटवायला डिंक सापडेना, तो शोधायला घरात गेलो. वाऱ्याने उडू नये म्हणून पत्र बोळातल्या खुर्चीवर बसलेल्या गृहस्थांच्या हातात दिलं. या सबंध गावात माझं अक्षर वाचू शकणारा एकच माणूस आहे, चाळीस वर्षं डॉक्टरांच्या चिठ्ठ्या वाचलेला, आणि तो माझ्याच घमेल्यात पाय घालून बसला आहे, हे माझ्या डोक्यातच राहिलं नाही. परत आलो तर ते दुसऱ्या ता. क. पर्यंत पोचले होते. मी डिंकाची बाटली धरून उभाच राहिलो. त्यांनी शेवटपर्यंत वाचलं, कागदांची नीट घडी घातली आणि म्हणाले, “न होता तो. मी त्याच दिवशी वाचला.”

हस्तलिखित तेव्हा माझ्या टेबलावर होतं, टाइप केलेली प्रत शेजारी. ते नेहमीप्रमाणे नळावर आले होते, नेहमीप्रमाणे त्यांनी दोन्ही कागद उचलले, न पाहिला, ब पाहिला, कागद होते तसे ठेवले आणि पाणी भरून गेले. नंतर तो अवमानाचा अर्ज घेऊन आले ते मी आपणहून कबूल करतो का ते बघायला. मी केलं नाही, तर ते खुर्चीत जाऊन बसले. मी विचारलं, का बोलला नाहीत? सव्वीस वर्षं याच कामावर होतात. ते पाटीकडे बघत म्हणाले की पाटी उतरवली असती तर दारावर चौकोनी पांढरा डाग पडला असता, आणि तो रोज त्यांच्याच खिडकीतून दिसला असता. मग म्हणाले, पाणी गार झालंय. मी आत जाऊन आधण आणलं. मामा, घमेल्यात पाणी ओतताना माझे डोळे भरून आले आणि मी ते वाफेवर ढकललं. त्यांनी तापमापक बघून पुरे म्हटलं.

दुरुस्तीचा अर्ज मी आज संध्याकाळी करणारच होतो, शपथेवर सांगतो. त्यांनी करू दिला नाही. न्हावी उद्या सकाळी येणार आहे. उंचीचे दोन इंच पाठीत पोक काढून भागवू असं ते म्हणतात. मघाशी नळावर जाताना त्यांनी डावा अंगठा काट्याला आपटून घेतला, चुकून असं त्यांचं म्हणणं आहे. तेव्हा तुम्ही येण्याची तसदी घेऊ नये, जागा भरली आहे. स्वेटर तेवढा पोस्टाने पाठवावा आणि तिसरं बटण शिवू नये. थंडी सुरू झाली आहे, आणि दावा बरीच वर्षं चालेल असं दोघांचेही वकील सांगतात. दोन्ही पक्षांची त्याला हरकत नाही.